कानातले बोळे

लाकडाच्या वखारीतली बाई तिसऱ्या दिवशीही जागीच होती.

घंटाघराखालच्या या घरात आगीला आग म्हणायची पद्धत नव्हती. तिला बाई म्हणत. बाई लागत नसे, उठत असे. आणि विझत तर मुळीच नसे, निजत असे. चार पिढ्या या घरातले पुरुष गाणं म्हणून तिला निजवत आले होते, म्हणून सारं शहर त्यांना निजवे म्हणे आणि रस्त्यात त्यांना वाट करून देई. पण परवा थोरले दीर दीड तास गायले आणि बाईने त्यांना हिंग लावून विचारलं नाही. काल धाकटा उभा राहिला, तर पहिल्याच ओळीला ती अशी अंगावर धावून आली की त्याच्या भुवया गेल्या आणि घसा आतून सोलून निघाला. बंबवाले वखारीच्या भिंतींवर पाणी मारत होते म्हणून ती आत कोंडून होती, इतकंच. आज चार वाजता वारा फिरायचा. तो फिरला की ती भिंत ओलांडून रंगाऱ्यांच्या आळीत उतरणार, हे सांगायला कुणा जाणत्याची गरज नव्हती.

आता साडेबारा वाजले होते. धाकटी सून नवऱ्याच्या गळ्यावरची ओली घडी बदलत होती.

ती या घरात आली त्याला सोळा वर्षं झाली होती. माहेर कौलांच्या भट्टीवरचं. बाप भट्टी लावायचा, आई उतरवायची, आणि ही पोर विटांच्या ढिगावर बसून जाळाचा रंग ओळखायला शिकली होती. सासरी तिला नाव पडलं भट्टीवाली. ते काही कौतुकाने पडलं नव्हतं. तिने ते मुकाट्याने घेतलं आणि पुढे कुणी खऱ्या नावाने हाक मारली तर तीच मागे वळून बघेनाशी झाली.

"झालं का?" थोरल्यांनी दारातून विचारलं. त्यांच्यामागून सासूबाई आणि मोठ्या जाऊबाई आत आल्या. "तीनला निघायचं. ओला अंगरखा घालून ठेव त्याला."

"हे येणार नाहीत, भाऊजी."

या घरातल्या सुना 'बरं' म्हणत, फार रागात असल्या तर 'बघते' म्हणत. तोंडावर 'नाही' म्हणणारी सून अजून जन्माला यायची होती, निदान सासूबाईंची तशी समजूत होती.

"काय म्हणाली ही?" सासूबाईंनी चांगला कान पुढे केला. त्यांचा डावा कान दहा वर्षांपूर्वीच गेला होता.

"म्हणाले, हे येणार नाहीत. काल घोटभर पाणी गिळताना डोळ्यांत पाणी आलं ह्यांच्या. आज पुन्हा धुरात तोंड उघडलं तर आवाज जाईल. कदाचित श्वासही जाईल."

"आणि नाही उघडलं तर?" थोरले म्हणाले. ते वाईट माणूस नव्हते. परवापासून त्यांनी अन्नाला हात लावला नव्हता, आणि धाकट्याच्या उशाशी येऊन ते दोनदा रडून गेले होते, हे तिने डोळ्यांनी पाहिलं होतं. "आळीत दोनशे घरं आहेत. माझ्या छातीत दम असता तर मी याला अंथरुणावरून उठू दिलं असतं का? चार पिढ्यांत असं झालं नाही, ते माझ्या वेळेला झालं. बंबवाला साहेब आत्ताच विचारून गेला, 'गाणं येतं ना हो तुम्हाला?' असं विचारलं मला त्यानं. मला!"

"मग त्याला सांगायचं, नाही येत."

"भट्टीवाले, जीभ आवर," सासूबाई कडाडल्या.

"जातो मी," धाकटा कुजबुजला. लोखंडावर कानस फिरवल्यासारखा तो आवाज होता. बायकोने त्याच्याकडे असं पाहिलं की त्याने छताकडे बघायला सुरुवात केली.

"तुम्ही बोलू नका. ना माझ्याशी, ना भाऊजींशी."

जाऊबाई भिंतीला टेकून उभ्या होत्या. त्या घड्याळजीच्या घरातून आलेल्या. बोलणं मोजकं, चालणं त्याहून मोजकं. त्या हळूच म्हणाल्या, "अगं, उगाच वाढवू नकोस. जे व्हायचं ते हे लोक बघतील. आपल्याला त्यातलं काय कळतंय?"

"हेच तर म्हणते मी, जाऊबाई. आपल्याला त्यातलं काहीच कळू दिलेलं नाही."

थोरल्यांनी घड्याळ पाहिलं. वाद घालायला वेळ नव्हता आणि वाद घालायची त्यांना सवयही नव्हती. "निदान उजळणी होऊ दे. सूर लावू नको, नुसते शब्द म्हण. काल घाबरून एखादा शब्द इकडचा तिकडे झाला असेल तर कळेल तरी. चला, बायकांनी बाहेर व्हा. बोळे घाला."

बोळ्यांची गोष्ट अशी होती. या घरात सून आली की तिला लग्नात एक चांदीची डबी मिळे. बाहेर मैत्रिणींना वाटे, आत काहीतरी दागिना असेल. आत कापसाचे दोन बोळे असत, मेणात बुडवलेले. घरात गाण्याची उजळणी सुरू झाली की सुनांनी, आणि लेकींनीही, ते कानात घालायचे. गाणं परक्या घरातून आलेल्या कानात गेलं तर बिघडतं, आणि लेकीच्या कानात गेलं तर तिच्याबरोबर परक्या घरी जातं. म्हणजे कोणत्याही बाजूने पाहिलं तरी बायकांच्या कानाची सोय नव्हती. बाई निजवायला पुरुष गेले की बायकांनी घरी थांबायचं. सोळा वर्षांत भट्टीवालीने आपल्या नवऱ्याचं गाणं भिंतीतून येणाऱ्या घुमण्यापलीकडे ऐकलं नव्हतं.

जाऊबाईंनी डबी काढली, दोन्ही कानांत बोळे बसवले आणि गॅलरीत गेल्या. सासूबाईंनी एकच घातला. दुसऱ्या कानाची व्यवस्था निसर्गानेच केली होती. त्या दाराशी खुर्ची ओढून बसल्या. गॅलरीच्या पलीकडच्या टोकाला नणंद घंटेचा नवा दोर वळत बसली होती. तीन दिवस घंटा वाजवून वाजवून जुना दोर तुटला होता. तिचे दोन्ही हात कोपरापर्यंत मेणात माखलेले होते.

"बोळे घाल!" थोरल्यांनी तिला दारातून ओरडून सांगितलं.

"कोणत्या हातानं घालू, दादा? पायाच्या?"

थोरल्यांनी तो नाद सोडला आणि आत वळले. धाकटी सून जागची हलली नव्हती.

"तू पण."

"घडी दर मिनिटाला बदलावी लागते. मी उठले तर ह्यांना ठसका लागेल."

"मग बोळे तरी घाल."

तिने कमरेची डबी काढली, उघडली, आतल्या पिवळ्या पडलेल्या बोळ्यांकडे पाहिलं आणि झाकण लावून ती खिडकीत ठेवून दिली. "ह्यांचा श्वास अडकला तर ऐकू यायला नको?"

"हे बघ..."

"वेळ जातोय, भाऊजी."

तो जातच होता. थोरल्यांनी कपाळाला हात लावला, भावाकडे पाहिलं आणि म्हणाले, "म्हण."

धाकट्याने डोळे मिटले. गाण्याची जी सुरुवात होती तिला घरात 'दार' म्हणत. दार म्हणजे नुसते आवाज, त्याला अर्थ नाही. अर्थ नाही म्हणूनच त्यात ताकद आहे, असं थोरल्यांना त्यांच्या वडिलांनी सांगितलं होतं आणि वडिलांना त्यांच्या वडिलांनी. एक लांबलचक 'वं', मग श्वास, मग नाकातून घुमवलेला 'अन्', पुन्हा श्वास, आणि शेवटी छाती रिकामी होईपर्यंत 'सं'. एवढ्याला गाणाऱ्याचे तीन श्वास जात. पण आज धाकट्याच्या घशात एका श्वासाचीही ऐपत नव्हती. तो सूर लावू शकत नव्हता, लांबवू शकत नव्हता, घुमवू शकत नव्हता. त्याने ते साध्या बोलण्यात बोलतात तसं एका दमात बोलून टाकलं.

"वन्सं."

"काय गं?" गॅलरीतून नणंदेने विचारलं.

थोरल्यांनी दाराकडे वळून पाहिलं.

"अगं, हाक मारलीस ना? हात सुटत नाहीत माझे, तिथूनच बोल."

भट्टीवालीच्या हातातली घडी तशीच राहिली. पाणी नवऱ्याच्या मानेवरून उशीवर ओघळत होतं. "मी नाही हाक मारली, वन्सं," ती हळू म्हणाली. "ह्यांनी मारली."

"तो कशाला मला वन्सं म्हणेल? डोकं ठिकाणावर आहे का त्याचं?"

प्रश्न अगदी बरोबर होता. वन्सं हा भावजयीच्या तोंडातला शब्द. सासरी पाऊल टाकल्या दिवसापासून दिवसातून पन्नास वेळा तो तोंडात येतो: वन्सं, मीठ बघता का, वन्सं, दार लावून घ्या. पुरुषाच्या तोंडात तो जन्मात येत नाही. त्याला बहीण असते, वन्सं नसतात.

"पुढे," ती नवऱ्याला म्हणाली.

"पुढे काही नाही!" थोरले गरजले. "तू बाहेर हो आधी!"

पण धाकट्याने डोळे उघडले होते. आयुष्यभर तोंडात घोळवलेला शब्द त्याने आज पहिल्यांदा ऐकला होता. तो बायकोच्या तोंडाकडे बघत एकेक ओळ सांगत गेला, जणू तीच त्याला ती वाचून दाखवत होती.

"वन्सं, आलात तशा बसा. पाय सोडा, दमला असाल. घर तुमचं, मी मागून आले, तरी दार लागलं तुम्हालाच."

"थांबा," ती म्हणाली. "मागून आले?"

"आले," तो म्हणाला.

"तुम्ही 'आले' म्हणता? तुम्ही आणि भाऊजी? दोघं दोन मिशावाले पुरुष आगीसमोर छाती काढून 'मी मागून आले' म्हणता?"

"जुन्या काळी पुरुषसुद्धा तसंच बोलत," थोरले म्हणाले. आवाजातला ठामपणा मात्र अर्ध्या वाटेवर गळून पडला होता. "आमच्या आजोबांनी सांगितलंय."

"तुमच्या आजोबांना त्यांच्या आजोबांनी सांगितलं असेल. त्यांच्या आजीला विचारलं होतं का कुणी? पुढे सांगा हो तुम्ही."

"भावानं लावलं, मी पाहिलं."

"भावानं म्हणजे मनोभावे," थोरले घाईघाईने मध्ये पडले. "मनोभावे सूर लावला, असा अर्थ आहे तो."

"भाऊजी, दार लागलं म्हटल्यावर पुढच्याच ओळीत सूर कुठून लागला? भावानं लावलं. दार. भावानं." तिचा आवाज चढत चालला होता आणि तिला तो खाली आणायचा नव्हता. "आणि शेवट?"

धाकट्याने आवंढा गिळला. त्या आवंढ्याने त्याचा चेहरा वेडावाकडा झाला.

"कडी काढली नाही. चुकलं माझं."

दारात नणंद उभी होती. तिच्या हातात दोराचं टोक होतं आणि दोर गॅलरीभर तिच्यामागे फरपटत आला होता. ओढाताणीत जाऊबाईंच्या पायात तो अडकला, म्हणून त्याही दाराशी आल्या होत्या आणि सगळ्यांच्या तोंडाकडे बघत होत्या. नणंदेने मेणाच्या हातानेच त्यांच्या कानातले बोळे उपटले.

"ऐका," ती म्हणाली. "तुम्हीपण ऐका, वहिनी. आम्हाला लहानपणी काय सांगितलं होतं? मूळपुरुषाची बहीण घर सोडून गेली, वाट चुकली, वणव्यात सापडली आणि वणवाच झाली. मग भावानं गाणं म्हणून तिला शांत केलं. वाट चुकली नव्हती ती! माहेरी आली होती. भावानं दार लावलं."

"आणि गाणं त्याच्या बायकोनं म्हटलं," भट्टीवाली म्हणाली. "भावजयीनं. तिचं तेवढंच ऐकून ती बसली. म्हणून काल ह्यांच्या अंगावर आली. ज्यानं दार लावलं तोच समोर उभा राहून 'वन्सं' म्हणतोय. कुणाच्याही अंगाचा तिळपापड होईल."

"मग चार पिढ्या कशी निजत होती?" थोरल्यांनी विचारलं. हा प्रश्न त्यांनी भांडायला विचारला नव्हता. त्यांना खरंच ते हवं होतं.

"दमून निजत असेल. किंवा शब्द वहिनीचे म्हणून ऐकून घेत असेल. मला काय माहीत? मला आजवर ऐकू कुठे दिलंत?" ती उठली. घडी तिने जाऊबाईंच्या हातात दिली. "ह्यांच्याजवळ बसा जरा. मी वखारीत जाते."

मग जो गलका झाला त्यात कोण काय बोललं ते सांगणं कठीण. कानातला बोळा केव्हाच सैल करून बसलेल्या सासूबाई सगळ्यांच्या वर होत्या. सुनेने चारचौघांत तोंड उघडलं तर घराण्याचं नाक कापलं जाईल, असं त्यांचं म्हणणं होतं. आपल्या सासूने त्यांना हेच सांगितलं होतं, आणि पंचेचाळीस वर्षं कानात कापूस घालून त्यांनी ते पाळलं होतं. ते सगळं फुकट गेलं असं कुणी म्हणायला लागलं तर त्या ते ऐकून घेणार नव्हत्या. निम्म्या बहिऱ्या होत्या तेवढंच त्या क्षणी त्यांच्या पथ्यावर पडलं.

थोरले दारात आडवे उभे राहिले. दोन्ही हात चौकटीला.

"तुला सूर नाही," ते म्हणाले.

"त्यांना सूर नकोय."

"तुझं काही झालं तर मी याला काय सांगू?"

"जे मला सांगणार होतात ते."

तो घाव वर्मी बसला. थोरल्यांची मान खाली गेली, पण हात चौकटीवरून निघाले नाहीत. तेव्हा नणंद पुढे आली. ती या घरात जन्मलेली; दादापुढे बोलायचा तिला जितका हक्क होता तितका तिने कधी वापरला नव्हता.

"दादा, सात वर्षांपूर्वी मी बोचकं घेऊन या दारात उभी होते. आठवतं? तू म्हणालास, आज राहू दे, उद्या बोलू, लोक काय म्हणतील. रागावून नव्हतास. तुला फक्त सुचत नव्हतं. मी जिना उतरायला लागले होते. ही खालून आली, भाजीची पिशवी माझ्या हातात दिली आणि म्हणाली, वन्सं, आत चला, हात दुखून आले माझे." तिने नाक ओढलं. "पिशवीत पालकाची एक जुडी होती. तिचे कसले हात दुखतात! आज ही आत जाणार नसेल तर दुसरं कोण जाणार? तू?"

धाकटा अंथरुणातून उठला, भिंतीला धरत दारापर्यंत आला आणि त्याने भावाचा उजवा हात चौकटीवरून सोडवला. एकेक बोट करून, सावकाश. काल त्याने या भावासाठी जीव पणाला लावला होता, म्हणून आज त्याला जोर करावा लागला नाही.

"मी येणार बरोबर," थोरले शेवटी म्हणाले. "जे होईल ते माझ्यासमोर होऊ दे."

"या. पण मागे राहा."

"मीही येते," सासूबाई म्हणाल्या. "ही तिथं काय बोलते ते कळलं पाहिजे कुणाला तरी." आणि कानातला एकुलता एक बोळा त्यांनी काढून पदराच्या टोकाला बांधून ठेवला.

*

वखारीच्या फाटकाशी बंबवाला साहेब गुडघ्यापर्यंत चिखलात उभा होता. थोरल्यांना पाहून त्याने टोपी काढली. त्यांच्यापुढे चालणाऱ्या बाईला पाहून पुन्हा घातली.

"ह्या कोण?"

"गाणारी," नणंद म्हणाली. "बाजूला व्हा."

आत सागाचे ओंडके तीन-तीन पुरुष उंच रचले होते. वरचे थर राख होऊन खाली बसले होते आणि खालच्या थरांच्या फटींतून बाई बघत होती. भट्टीवालीने तिचा रंग पाहिला. पिवळा नाही, पांढराही नाही. मधून मधून निळसर. आई भट्टी उतरवताना म्हणायची, असा रंग म्हणजे ती ऐकतेय पण मानत नाहीये. उष्णतेने चेहऱ्याची कातडी ताणली जात होती. पाच पावलांवर तिच्यामागे थोरले आले, आणि बाईने ते आले हे ओळखलं. ढिगाचा अख्खा एक कोपरा धडधडून पेटला.

"भाऊजी, भिंतीमागे जा."

"पण..."

"त्यांना तुम्ही दिसता. जा!"

ते गेले. ती तिथेच चिखलात बसली, पाय पुढे सोडून, घरात दुपारी बायका बसतात तशी. उभं राहून हे बोलायचं नव्हतंच. पाहुणी आल्यावर तिच्यापुढे छाती काढून कोण उभं राहतं? भीती तिला वाटत होती. दोन्ही हात तिने मांडीखाली दाबून धरले.

"वन्सं," ती म्हणाली.

आवाज भसाडा लागला. तिला खरंच सूर नव्हता. थोरल्यांचं तेवढं बरोबर होतं. पण ढिगाच्या फटींतला जाळ एकदम ताठ उभा राहिला, हाक ऐकून माणूस मान वर करतं तसा.

"वन्सं, आलात तशा बसा. पाय सोडा, दमला असाल."

जाळ हलला नाही.

"घर तुमचं. मी मागून आले. तरी दार लागलं तुम्हालाच." तिने श्वास घेतला, घशात राख गेली, ती खोकली आणि पुढे बोलली. "भावानं लावलं, मी पाहिलं. कडी काढली नाही."

आता एकच राहिलं होतं. चुकलं माझं. दोन शब्द. बाई वाट बघत होती, हे तिला कळत होतं. सगळ्या वखारीत एकही लाकूड तडतडत नव्हतं. आणि ते दोन शब्द भट्टीवालीच्या ओठांवर येऊन थांबले. का म्हणायचं? ज्या बाईची चूक होती ती कधीच माफी मागून मोकळी झाली. तिच्या माफीवर चार पिढ्या पुरुष नाव कमावत राहिले. आणि आता पुन्हा सुनेनेच चुकलं म्हणायचं? जी चूक आपण केली नाही ती आपल्या नावावर घ्यायची नाही, मग समोर आग असो की सासू. पण खोटंही बोलायचं नव्हतं. तिने एकदा स्वतःशी नीट तपासून पाहिलं, आपलं नेमकं किती आहे ते.

"दार मी लावलेलं नाही, वन्सं," ती म्हणाली. "त्याचं मी चुकलं म्हणणार नाही. त्याचं भिंतीमागे उभे आहेत त्यांना विचारा कधीतरी. माझं एवढंच, की सोळा वर्षं शेजारच्या खोलीत पुरुष तुम्हाला हाका मारत होते आणि मी कानात कापूस घालून भाजी निवडत होते. घाला म्हटलं, घातला. का, ते विचारलं नाही. ते चुकलं. तेवढं माझं. ते मी पदरात घेते." तिचे डोळे वाहत होते, धुराने आणि धुराशिवायही. "आता बसा. उभ्याने किती दिवस भांडणार? मीही दमलेय."

मग सगळ्यात उंच ओंडका मधोमध वाकला आणि सावकाश खाली बसला, कमरेत दुखणारी बाई बसते तसा. त्याच्यामागे दुसरा. निळा रंग गेला, तांबडा आला, तांबडा मंदावला. फटींतून नुसता राखाडी उबारा येत राहिला. भट्टीवालीला तो माहेरापासून ओळखीचा होता. भट्टी गार व्हायला लागली की तिच्या अंगावर गोधडी पसरून झोपावंसं वाटतं, तसा.

ती हलली नाही. नुकत्या झोपलेल्या माणसाजवळून उठून जाण्यात काय धोका असतो, हे तान्ही पोरं वाढवलेल्या बाईला सांगावं लागत नाही.

भिंतीमागून थोरल्यांनी डोकावून पाहिलं. तो ढीग त्यांनी पाहिला, आणि त्यांच्या चेहऱ्यावर एवढा आनंद आला की तिला क्षणभर त्यांची माया आली. मग ते वळले आणि फाटकाकडे निघाले. आता ते हाक देणार होते. बाई निजली की घरच्या कर्त्या पुरुषाने फाटकावर उभं राहून तीनदा हाक द्यायची, 'निजली! भावानं निजवली!' ती ऐकल्याखेरीज आळीतलं कुणी घरात परत पाऊल टाकत नसे. आजही ते तेच म्हणणार. बंबवाल्या साहेबासमोर, साऱ्या आळीसमोर, खणखणीत. सवय होती ती. आणि भावाचं नाव त्याच आवाजात कानावर पडलं की ही ताडकन उठून बसेल. ओरडून त्यांना थांबवावं तर त्यानेही उठेल. ती फक्त त्यांच्या पाठीकडे बघू शकत होती.

फाटकाशी गर्दी गप्प झाली. थोरल्यांनी खाकरून घसा साफ केल्याचं तिला ऐकू आलं.

"निज..."

ते तिथेच तुटलं. जाऊबाईंनी त्यांचा अंगरखा मागून खेचला होता, हे तिला नंतर कळलं. जाऊबाई! त्या तर घरी घडी बदलत बसलेल्या असायला हव्या होत्या. पण आवाज त्यांचाच होता. तीस वर्षांत जो कधी शेजारच्या खोलीतसुद्धा गेला नव्हता, तो फाटकावरून साऱ्या आळीत गेला.

"निजली! भावजयीनं निजवली!"

भट्टीवालीने ढिगाकडे पाहिलं. राख हलली नाही.

"निजली! भावजयीनं निजवली!"

दुसऱ्या हाकेत नणंदेचा आवाज मिसळला. तिसऱ्या हाकेला जाऊबाईंचा गळा फाटला, तरी शब्द पुरा झाला. कुठेतरी सासूबाई विचारत होत्या, "काय म्हणाली? कोणी निजवली म्हणाली?" आणि कुणीतरी त्यांच्या चांगल्या कानात ते पुन्हा सांगत होतं. आळीतून माणसं धावत येत असल्याचे आवाज यायला लागले.

बऱ्याच वेळाने थोरले भिंतीपाशी आले. आत मात्र आले नाहीत. या वखारीत, या शहरातल्या कुठल्याही आगीसमोर, त्यांनी आजवर कुणाला विचारून पाऊल टाकलं नव्हतं.

"आत येऊ का?" त्यांनी विचारलं.

"नको, भाऊजी." ती कुजबुजली. "जाऊबाईंना पाठवा. त्यांना गाणं शिकवायचंय."